दार ओढणारा माणूस आणि माझी आई : एकटेपणावरच्या विचित्र स्केचेसबद्दल

बोरीकाठ | रविवार, रात्री ११:४०

मंडळी, राम राम. बरेच दिवस मनात असलेला विषय लिहितोय. लांबेल, सांभाळून घ्या.

गेल्या महिन्यात आठ दिवस आईकडे होतो, अमळनेर तालुक्यात आमच्या गावी. गल्लीत पंधरा घरं, त्यातल्या नऊ घरांना कुलूप. माणसं सुरतला, पुण्याला, नाशिकला. आई एकटी असते. सकाळी उठल्यावर चुलीआधी ती टीव्ही लावते आणि आवाज मोठा ठेवते. मी कमी करायला गेलो तर म्हणाली, राहू दे, घरात माणूस आहे असं गल्लीला वाटतं.

एका रात्री मी ओट्यावर मोबाईलवर 'आय थिंक यू शुड लीव्ह' बघत होतो. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. टिम रॉबिन्सन आणि झॅक कॅनिन यांची ही स्केचेसची, म्हणजे छोट्या विनोदी प्रसंगांची, मालिका नेटफ्लिक्सवर २०१९ साली आली. पुढचे सीझन २०२१ आणि २०२३ चे. एका सीझनमध्ये सहाच भाग आणि भाग पाव तासाच्या आसपास. आई शेजारी येऊन बसली. इंग्रजी तिला येत नाही. मी अगदी पहिलं स्केच परत लावलं.

कॉफीच्या दुकानात एका माणसाची नोकरीची मुलाखत होते, चांगली होते. निघताना तो दार ओढतो. ते ढकलायचं असतं. समोरचा तसं सांगतो. तुम्ही-आम्ही 'अरे हो' म्हणून ढकललं असतं आणि निघून गेलो असतो. हा म्हणतो, नाही, हे दोन्हीकडे उघडतं, मी काल इथे आलो होतो. आणि ओढायला लागतो. बिजागऱ्या कडकडून दार उलटं उघडेपर्यंत ओढतो. मुलाखत घेणारा हे सगळं नुसता बघत राहतो.

आई आधी हसली. खूप हसली, पदर तोंडाला लावून. मग आमच्या अहिराणीत म्हणाली, "दार उलटं उघडं, मंग काय व्हयनं? असू दे म्हन ना त्याले."

मी ही मालिका तीन-चार वेळा पाहिली आहे, त्यावर इंग्रजीत लिहिलेलं भरपूर वाचलं आहे. पण हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. त्या माणसाची चूक अर्ध्या सेकंदाची आहे. त्याला त्यातून बाहेर काढायला 'असू दे' एवढे दोन शब्द पुरे होते. ते म्हणणारं त्या दुकानात कोणी नाही, म्हणून तो दार मोडतो. या मालिकेतली किती तरी स्केचेस अशीच आहेत. कोणाची तरी बारीकशी फजिती होते, आजूबाजूचे गप्प बसतात आणि तो माणूस लाज लपवायला वाटेल ते करत सुटतो. वेडेपणा त्या लाजेतून येतो. बघताना आपण हसतो आणि आतून काहीतरी ओढलं जातं.

मग मी दुसऱ्या सीझनमधलं एक लावलं. लोकांच्या खोड्या काढणाऱ्या कार्यक्रमाचा सूत्रसंचालक जाडजूड मेकअप, विग आणि अंगभर वेष चढवून मॉलमध्ये येतो. धिंगाणा घालायचा ठरलेलं असतं, पण तो नुसता उभा राहतो. अंगावर फार ओझं झालंय म्हणतो. आणि मग म्हणतो, मला आता असायचंच नाहीये. आईला शब्द कळले नाहीत. ती म्हणाली, "उतारा ना ते त्याना आंगवरथीन." म्हणजे, उतरवा ना ते त्याच्या अंगावरून. आणि उठून आत गेली.

पुण्यात मी ज्या सोसायटीत राहतो तिथे शेजाऱ्याचं नाव मला गेटच्या ॲपवरून कळलं. तीन वर्षांत आमचं बोलणं दोनदा झालं, दोन्ही वेळा चुकून माझ्याकडे आलेल्या त्यांच्या पार्सलबद्दल. त्या मॉलमधल्या माणसाला मी ओळखतो असं मला वाटतं.

तुम्ही असं काही पाहिलं असेल तर लिहा. आपल्याकडे असं का होत नाही, की होतं आणि मला माहीत नाही, तेही सांगा.

केळीबाग_रावेर | रविवार, रात्री ११:५८

दाराचं स्केच आत्ता पाहिलं. बायकोला उठवून दाखवलं. उद्या सविस्तर लिहितो.

तिसरा_अंक | सोमवार, सकाळी ८:१०

बोरीकाठदादा, फार मोलाचा धागा. मी धुळ्याचा, हौशी नाटकवाला. राज्य नाट्य स्पर्धेत बरीच वर्षं बॅकस्टेज केलंय, म्हणून थोडं मागून सांगतो.

या सगळ्याचं मूळ बरेच जण 'मॉंटी पायथन्स फ्लाइंग सर्कस' या ब्रिटिश विनोदी मालिकेत बघतात. बीबीसी, ५ ऑक्टोबर १९६९ पासून. त्यांनी केलेली मोठी गोष्ट म्हणजे शेवटचा टोला (पंचलाइन) काढून टाकला. त्याच वर्षी त्यांच्या आधी स्पाइक मिलिगनच्या 'क्यू फाइव्ह'ने हा रस्ता दाखवला होता आणि पायथनवाल्यांनी ते मान्यही केलं आहे. स्केच मध्येच सुटतं, कोणीतरी येऊन थांबवतं, टेरी गिलियमचं हलतं चित्र (ॲनिमेशन) चालू होतं आणि दुसरंच काहीतरी सुरू. प्रेक्षकाला 'संपलं, आता हसा' असं कोणी सांगत नाही.

पण एकटेपणाचा विषय निघालाय तर त्यांचं एकच स्केच सांगेन. 'आर्ग्युमेंट क्लिनिक', २ नोव्हेंबर १९७२. माणूस एका ऑफिसात येतो आणि म्हणतो, मला वाद घालायचा आहे. दर ठरलेला : पाच मिनिटांच्या वादाला एक पौंड, दहा वेळांचा कोर्स घेतला तर आठ पौंड. मायकेल पेलिन पैसे भरतो, जॉन क्लीझ समोर बसून त्याच्या प्रत्येक वाक्याला 'नाही' म्हणतो. वेळ संपली की गप्प. पुढचं हवं असेल तर पुन्हा पैसे.

याच्या बरोबर एक महिना आधी, २ ऑक्टोबर १९७२ ला, मुंबई दूरदर्शन सुरू झालं. आपल्याकडे टीव्ही घरात येत होता, गल्ली एका घरात जमत होती. आणि तिकडे टीव्हीवर भांडायलासुद्धा माणूस विकत घ्यावा लागतो असं दाखवत होते.

वाचनालय_चोपडा | सोमवार, सकाळी ९:३५

@तिसरा_अंक, तुमचं वाचून कामाला निघता निघता थांबले.

माझे आजोबा आणि त्यांचे एक मित्र रोज सकाळी वाचनालयात जायचे. मित्राला पंखा हवा असायचा, आजोबांना नको. पेपर उडतात म्हणून. एक जण लावायचा, दुसरा उठून बंद करायचा. मी शाळेत जाताना खिडकीतून बघायचे. बावीस वर्षं हे चाललं असं आजी सांगते. मित्र वारले. आता पंखा बंदच असतो आणि आजोबा वाचनालयात जात नाहीत. पेपर घरी मागवतात.

घरी आम्ही सगळे त्यांच्याशी फार गोड वागतो. कोणी 'नाही' म्हणत नाही. ते स्केच त्यांना दाखवावं का, या विचारात आहे.

रात्रपाळी | सोमवार, दुपारी २:२०

मी भुसावळला रेल्वेच्या कंट्रोलमध्ये होतो, म्हणजे स्टेशनांशी फोनवर बोलून गाड्यांवर लक्ष ठेवायचं काम. आता निवृत्त. मुलाने हा धागा पाठवला. पहिल्यांदाच लिहितोय.

नातवामुळे मला 'ब्लू जॅम' ऐकायला मिळालं. ख्रिस मॉरिसचा कार्यक्रम, बीबीसी रेडिओ वनवर १९९७ ते १९९९, मध्यरात्रीच्या वेळेला. पुढे २००० साली चॅनल फोरवर तेच 'जॅम' नावाने टीव्हीवर आलं, सहा भाग. त्यात हसण्याचा आवाज नाही. मागे संथ संगीत चालू असतं, माणसं शांतपणे बोलतात आणि जे बोलतात ते भयंकर असतं. टीव्हीवर मध्ये जाहिराती ठेवल्या नव्हत्या, शेवटी नावांची पाटीसुद्धा नाही. कुठे सुरू झालं, कुठे संपलं, हाताला लागत नाही.

ते मध्यरात्री का लावत असतील हे मला चटकन कळलं. रात्री दोन ते चार या वेळेत माणसाचं मन सैल होतं. कंट्रोलमध्ये रात्रभर कानात आवाज असायचे. जळगाव, पाचोरा, चाळीसगाव, बडनेरा. माणूस कोणीच दिसत नाही. एका स्टेशन मास्तरशी मी अकरा वर्षं बोललो. घरची सुखदुःखं सांगितली. त्यांच्या निरोप समारंभाला गेलो तेव्हा कोणाला हार घालायचा हे मला विचारावं लागलं. त्यांनी 'हां बोला' म्हटलं आणि मी ओळखलं.

एक सांगतो. 'जॅम'मध्ये लहान मुलांचे मृत्यू, आत्महत्या असे विषय आहेत. मन आधीच उदास असेल आणि घरात कोणी नसेल तर ते लावू नका. सोबत कोणीतरी बसलेलं असू द्या.

उधना_सुरत | सोमवार, रात्री १०:०५

बोरीकाठ भाऊ, वाचीसनी डोयामा पानी उनं. मन्ही माय बी गावले एकलीच शे. रोज रातले फोन करस, इचारस, "जेवना का?" मी सांगस, "जेवनू." आनी फोन ठेवस. दोन्हीसले माहीत शे की दोन्ही एकला शेतस. दोन्ही सांगतस नही.

(आता सगळ्यांना कळावं म्हणून.) इथे उधना, लिंबायत, डिंडोली भागात फिरलात तर कानावर अहिराणीच पडेल. खोलीत आम्ही सहा जण राहतो, पाळ्या वेगवेगळ्या. एकाच गादीवर दोन जण झोपतात, एक दिवसा, एक रात्री. ज्याच्याबरोबर गादी वाटून घेतो त्याचा चेहरा मी फक्त रविवारी बघतो. याचं कोणी स्केच केलं तर मी बघेन. आम्ही सगळे बघू.

गिरणेची | मंगळवार, सकाळी ७:१५

मला या धाग्यातली एक गोष्ट पटलेली नाही, ती स्पष्ट लिहिते. राग मानू नका.

बोरीकाठ, तुमच्या आई त्या दारवाल्याबद्दल 'असू दे' म्हणाल्या, ते वाचून मलाही बरं वाटलं. पण तुमच्या लिहिण्याचा सूर असा होतोय की गाव म्हणजे असू दे म्हणणारी माणसं आणि शहर म्हणजे गप्प बसणारी. माझ्या गल्लीत मला कोणी असू दे म्हटलं नाही.

आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) मुली माहेरी येतात, झोका खेळतात आणि जातात. एका आखाजीला मी आले ती परत गेले नाही. का, ते इथे लिहीत नाही. नवव्या दिवसापासून विचारणं सुरू झालं. कधी जाणार? मी म्हणायचे, पुढच्या सोमवारी. नळावर, दळणाला गेले तर गिरणीवर, लग्नात. पुढच्या सोमवारी. कोणालाही ते खरं वाटत नव्हतं, मलाही नाही, पण विचारणं थांबलं नाही आणि माझं सांगणंही थांबलं नाही. चार वर्षं. एकदा तर खरं वाटावं म्हणून मी पिशवी भरून एसटी स्टँडपर्यंत गेले, दोन तास बसले आणि अंधार पडल्यावर मागच्या रस्त्याने घरी आले.

काल रात्री ते स्केच पाहिलं आणि लक्षात आलं की दार ओढणारी मीच होते. गल्ली भरलेली होती. कुलूप एकाही घराला नव्हतं.

आज जळगावला एका खोलीत राहते, नोकरी करते. इथे कोणी काही विचारत नाही. काही दिवस ते फार बरं वाटलं. आता कधीकधी वाटतं की कोणीतरी काहीतरी विचारावं, फक्त तो एक प्रश्न सोडून.

बोरीकाठ | मंगळवार, रात्री ९:३०

@गिरणेची, राग कसला. तुम्ही लिहिलंत ते वाचून मी दिवसभर दुसरं काही केलं नाही. माझ्या लिहिण्यात तो सूर होता, बरोबर आहे.

संध्याकाळी आईला फोन केला. तुमचं नाव-गाव काही न सांगता विचारलं, आपल्या गल्लीत अशी कोणी होती का? ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "व्हती ना." आणि थोड्या वेळाने, "आम्हीच ते इचारूत." आम्हीच तर विचारायचो.

यापुढे ती काही बोलली नाही. मीही नाही.

शिरपूरकर | मंगळवार, रात्री १०:१२

ब्रिटनने २०१८ मध्ये एकटेपणाचा विषय एका मंत्र्याकडे दिला, जपानने २०२१ मध्ये. ही बातमी सांगितली की आपल्याकडे लोक हसतात. मी दवाखान्यात काम करतो, मला हसू येत नाही. काहीही दुखत नसताना फक्त बी.पी. मोजून घ्यायला येणारी म्हातारी माणसं मी रोज बघतो. दंडाला पट्टा बांधताना त्यांना कोणीतरी हात लावतं. तेवढ्यासाठी ती दोन रिक्षा बदलून येतात.

निंबाचा_पार | बुधवार, सकाळी ६:५०

आपल्याकडे असं का होत नाही, असं पहिल्या पोस्टमध्ये विचारलंय. होतं, फार जुनं आहे. भजनात आम्ही म्हणतो :

काट्याच्या अणीवर वसली तीन गावे, दोन ओसाड एक वसेचिना.

जे गाव वसलंच नाही तिथे तीन कुंभार येतात. दोन थोटे, एकाला घडवताच येत नाही. ते तीन मडकी घडवतात. दोन कच्ची, एक भाजतच नाही. असंच पुढे पुढे. शेवटी टोला नाही, उत्तर नाही. कीर्तनकार त्याचा अध्यात्मात अर्थ लावतात, तो आहेच. पण लहानपणी मांडीवर बसून ऐकताना आम्ही पोट धरून हसायचो आणि रात्री त्या गावाची भीती वाटायची. दोन्ही एकदम.

आमच्या शिवारात आता ते गाव मला दिसतं. माझं वय एकाहत्तर. काट्याच्या टोकावरच बसलंय ते.

तिसरा_अंक | बुधवार, दुपारी ३:००

बाबा, तुम्ही धाग्याची किल्लीच दिलीत. विचित्र विनोद परदेशातून आणायचा नाहीये, घरात पडलेला आहे. रंगभूमीवर तो आलाही आहे. सतीश आळेकरांचं 'बेगम बर्वे' १९७९ चं. दोन एकटे कारकून आणि संगीत नाटकाच्या आठवणीत जगणारा बर्वे, तिघं मिळून एक संसार कल्पनेतच उभा करतात. हसता हसता घसा दाटतो. टीव्हीवरही सुरुवात चांगली होती. दूरदर्शनच्या 'गजरा'मध्ये छोटी प्रहसनं असायची, जसपाल भट्टींचा 'फ्लॉप शो' १९८९ चा, कमी पैशात आणि नेमका. आजच्या स्किट्समध्ये काम करणारे नट अव्वल आहेत, अंगात लय आहे. अडचण मला एकच दिसते : दर दहा सेकंदांनी कॅमेरा हसणाऱ्या प्रेक्षकांवर जातो. एकट्या माणसाकडे टक लावून बघायला वेळच देत नाहीत.

त्यावरूनच काल रात्री एक स्केच सुचलं. कच्चं आहे.

रिॲक्शन शॉट.
वीज मीटरचं रीडिंग घेणारा गावात येतो. सगळ्या घरांना कुलूप, पण सगळे मीटर फिरतायत. एका उघड्या घरात म्हातारी टीव्हीसमोर बसलेली. कॉमेडी शो चालू. ती स्टेजकडे बघतच नाही. कॅमेरा प्रेक्षकांवर गेला की पुढे सरकते. मीटरवाला विचारतो, आजी, काय बघताय? ती पडद्यावर बोट ठेवते : हा माझा मुलगा. ही शेजारची. हा दुकानवाला. गाव सोडून गेलेला प्रत्येक जण त्या प्रेक्षकांत बसून हसतोय. मीटरवाल्याला तिसऱ्या रांगेत तो स्वतःच दिसतो.

इथे अडकलोय.

उधना_सुरत | बुधवार, रात्री ११:२०

अंगावर काटा आला भाऊ. माझं मत, शेवटी मुलगा पडद्यातून वळून विचारू दे, "माय, जेवनी का?"

गिरणेची | बुधवार, रात्री ११:४५

नको. त्याने विचारलं की सगळ्यांना बरं वाटेल आणि स्केच तिथेच मरेल. लाईट जाऊ द्या. आपल्याकडे जातेच. टीव्ही बंद, अंधार. आणि हसण्याचा आवाज चालूच राहतो.

रात्रपाळी | गुरुवार, पहाटे ३:१०

गिरणेची ताई बरोबर आहेत. आवाज टीव्हीतून नको, कुलूप लावलेल्या घरांतून येऊ द्या. एकेका घरातून, लांबून जवळ. आवाज मी रेकॉर्ड करून देईन, मला त्याचा सराव आहे.

तिसरा_अंक | गुरुवार, सकाळी ७:३०

झालं. असंच करायचं. मोबाईलवर चित्रित करू, लांबी सहा मिनिटं. म्हातारीच्या भूमिकेसाठी नटी नको, खरी बाई हवी.

बोरीकाठ | शुक्रवार, रात्री ८:००

आईला विचारलं. आधी नाही म्हणाली. मग म्हणाली, बोलायचं काही नसेल तर बसते.

श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई (आमची खानदेशातली देवी) बसते. सुरतची सगळी मंडळी त्या दोन दिवसांसाठी गावी येतात, कुलपं निघतात. म्हणून चित्रीकरण त्याच्या आदल्या गुरुवारी, कुलपं असतानाच. रविवारी रात्री आरती झाल्यावर आमच्या ओट्यासमोर सगळ्यांना दाखवू. शनिवारी रात्री बसून जोडून घ्यावं लागेल, ते @तिसरा_अंक बघतील.

गल्लीला ते आवडेल का माहीत नाही. त्यांच्याच कुलपांबद्दल आहे. पण दाखवायचं तिथेच.

केळीबाग_रावेर | शुक्रवार, रात्री ८:२५

पडदा आणि प्रोजेक्टर माझ्याकडून. इन्व्हर्टरची बॅटरीही आणतो, ऐन वेळी खरोखरची लाईट गेली तर.

बोरीकाठ | शुक्रवार, रात्री ९:१०

आई विचारतेय, रविवारी बाहेरून किती जण येणार. वरण-बट्टी करायची म्हणते. बट्टीचं दळण जाडं लागतं, ते आधी काढून ठेवायचंय. कृपया आकडा सांगा.

तिसरा_अंक | शुक्रवार, रात्री ९:१२

आम्ही तिघं.

वाचनालय_चोपडा | शुक्रवार, रात्री ९:४०

दोन. आजोबांना घेऊन येतेय. ते आत्तापासून म्हणतायत की बट्टी वरणात आधी कुस्करायची नसते. कोणीतरी त्यांना 'कुस्करायचीच असते' असं म्हणा.

रात्रपाळी | शुक्रवार, रात्री ९:५५

एक. पॅसेंजरने अमळनेरला उतरेन, कोणीतरी घ्यायला या. आवाजावरून ओळखेन.

गिरणेची | शनिवार, सकाळी ६:३०

मी एक. सोमवारी कानबाई उठली की परत निघेन.